आडनावाचा माग: आधी गाव, मग कागद, शेवटी अर्थ

आपल्या आडनावाचा अर्थ काय, असा प्रश्न पडला की बहुतेक जण थेट अर्थालाच हात घालतात. मोबाइलवर आडनाव टाकतात, कुठलीशी यादी उघडते, तीत एक ओळ सापडते आणि शोध तिथेच संपतो. ही वाट फसवी आहे. आडनाव स्वतःहून घेतले जाणे विरळा. ते बहुधा दुसऱ्यांनी लावलेले असते: शेजारच्या गावाने, कचेरीतल्या कारकुनाने, शाळेत नाव घालून घेणाऱ्या मास्तरांनी. कोणी, कुठे आणि कशासाठी लावले हे कळले की अर्थ आपसूक समोर येतो. म्हणून क्रम उलटा धरायचा. आधी गाव, मग कागद आणि अर्थ सगळ्यांत शेवटी.

'हसबनीस' हे आडनाव घ्या. वाचताक्षणी 'हसणे' आठवते आणि हसतमुख पूर्वजाची गोष्ट तयार होते. प्रत्यक्षात हे 'हशमनवीस'. हशम म्हणजे पायदळातला शिपाई आणि नवीस म्हणजे लिहिणारा. शिपायांची हजेरी आणि हिशेब ठेवणारा तो हसबनीस. नुसत्या कानावर विसंबले तर हा पूर्वज कायमचा हरवतो.

पायरी १: घरातल्या वयस्क माणसाशी तासभर बोला

हे काम लांबणीवर टाकू नका. कागद पन्नास वर्षे थांबतो, माणूस थांबत नाही. वही घेऊन बसा आणि पुढचे प्रश्न याच क्रमाने विचारा.

आपण पूर्वी दुसरे आडनाव लावत होतो का? हा प्रश्न पहिला, कारण उत्तर 'हो' आले तर पुढची सगळी दिशा बदलते. महात्मा फुल्यांच्या घराण्याचे आडनाव आधी गोऱ्हे, मूळ गाव सातारा जिल्ह्यातले कटगुण. पुण्यात फुलांचा व्यवसाय सुरू झाला आणि लोक फुले म्हणू लागले. डॉ. आंबेडकरांचे घराणे सकपाळ, गाव रत्नागिरी जिल्ह्याच्या मंडणगड तालुक्यातले आंबडवे. नाना फडणवीस मूळचे भानू. तात्या टोपे मूळचे येवलेकर. ज्यांच्याबद्दल इतके लिहून ठेवले गेले त्यांच्या घरांतही आडनाव दोन-तीन पिढ्यांत बदललेले दिसते. तुमच्या घरात ते बदलले नसेल असे गृहीत धरू नका.

मग मूळ गाव विचारा. 'माहीत नाही' असे उत्तर आले तर प्रश्न फिरवून विचारा: जत्रेला कुठे जात होता? जमीन कुठे होती? सुतक कोणाकोणाचे धरता? सुतकाचा प्रश्न फार उपयोगी पडतो. ज्यांचे सुतक धरले जाते ते रक्ताचे भाऊबंद, मग आज त्यांचे आडनाव वेगळे का असेना. तसाच दुसरा प्रश्न: कोणत्या आडनावाच्या घरात आपल्याकडे सोयरीक होत नाही? 'ते आपले भाऊच लागतात' असे उत्तर आले तर दोन आडनावे एकाच कुळातून फुटली असण्याची शक्यता मोठी.

शेवटी कुलदैवत, देवक, गोत्र आणि आजी-पणजीचे माहेर. कुलदैवताचे ठिकाण बहुधा मूळ मुलखाकडे बोट दाखवते, पण देवही स्थलांतर करतात हे लक्षात ठेवा. गोव्यात सोळाव्या शतकात पोर्तुगीज अमलाखाली देवळे पाडली जाऊ लागली तेव्हा मंगेश कुशस्थळीहून, म्हणजे आजच्या कुठ्ठाळीहून, प्रियोळला आला. शांतादुर्गा केळोशीहून कवळ्याला आणि म्हाळसा वेर्ण्याहून म्हार्दोळला गेली. कुलदेवता कवळ्याची म्हणून पूर्वज कवळ्याचे, असा हिशेब मांडलात तर पहिल्याच पावलाला चुकाल.

पायरी २: आडनाव देवनागरीत लिहा आणि शेवट पाहा

इंग्रजी स्पेलिंग बाजूला ठेवा. रोमन लिपीत ट-त, ड-द, ण-न, ळ-ल हे सगळे एक होतात. काळे आणि काले, राणे आणि राने, गोळे आणि गोले ही वेगवेगळी घराणी तिथे एका अक्षरमालेत कोंबली जातात. परदेशात दोन पिढ्या काढलेल्या कुटुंबांत मुलांना खरा उच्चारच माहीत नसतो. अशा वेळी आजोबांची मराठी सही शोधा. जुन्या पत्रावर, खरेदीखतावर किंवा शाळेच्या प्रगतिपुस्तकावर ती मिळते.

आता शेवट. 'कर' असेल तर बहुधा गाव. त्याचा विचार पुढच्या पायरीत सविस्तर करू.

'नीस', 'नवीस', 'दार' असेल तर हुद्दा, आणि मूळ शब्द बहुतेकदा फारसी-अरबी. चिटणीस पत्रे लिहिणारा, पारसनीस फारसी पत्रव्यवहार पाहणारा, कारखानीस कारखान्यांचा हिशेब ठेवणारा. पोतदार खजिन्यातली नाणी पारखणारा, मुजुमदार जमाखर्च तपासणारा. १६७४ च्या राज्याभिषेकाच्या सुमारास शिवाजी महाराजांनी हुद्द्यांना संस्कृत नावे दिली: मुजुमदाराचा अमात्य झाला, सुरनिसाचा सचिव, वाकनिसाचा मंत्री, डबिराचा सुमंत. तरीही जुने फारसी शब्द बोलण्यात राहिले आणि आडनावे बहुतेक त्यांच्यावरूनच पडली. डबीर आणि सुमंत ही दोन्ही आडनावे आज भेटतात; हुद्दा मात्र एकच.

गावकी आणि परगण्याच्या वतनांची आडनावे हा याच गटाचा दुसरा भाग. गावचा मुख्य पाटील, त्याचा मदतनीस चौगुला, गावचा हिशेब कुलकर्ण्याकडे. परगण्यावर देशमुख आणि त्याचा हिशेबनीस देशपांडे. कर्नाटकाला लागून असलेल्या भागात नाडकर्णी आणि नाडगौडा, कारण कन्नडमध्ये नाड म्हणजे प्रांत. इथे एक सावधगिरी बाळगा. वतन हा हुद्दा होता, जात नव्हे. पाटील आडनाव मराठा, माळी, आगरी, कोळी, लिंगायत, जैन अशा अनेक समाजांत आहे. पवार, चव्हाण, जाधव मराठ्यांत आहेत, बौद्धांत आहेत आणि बंजाऱ्यांतही. आडनावावरून जात ठरवणे चूक आहेच, शिवाय शोध भरकटतो तो यानेच.

चंद्रपूर, यवतमाळ, नांदेड या पट्ट्यातला 'वार' तेलुगूतला. तिथे 'वारु' म्हणजे अमुक घरचे लोक, आदराने. मुनगंटीवार, वडेट्टीवार अशा नावांतला 'वार'च्या आधीचा भाग मराठी कोशात शोधत बसू नका. तो तेलुगूत पाहावा लागतो.

शेवटी 'ए' असेल तर तो आदरार्थी अनेकवचनाचा. तो काढून 'आ' लावून पाहा: कोल्हे-कोल्हा, लांडगे-लांडगा, कावळे-कावळा, काणे-काणा. प्राणी, पक्षी, भाज्या, अंगावरची खूण, स्वभाव अशी टोपणनावे या गटात भरपूर आहेत. पण सगळीच 'ए'कारान्त नावे अशी उलगडत नाहीत. उलगडले नाही तर ओढूनताणून अर्थ लावण्यापेक्षा रकाना रिकामा ठेवा.

पायरी ३: 'कर' असेल तर गाव शोधा

एक गोष्ट नवख्यांच्या लक्षात येत नाही. गावाचे नाव बहुधा गाव सोडल्यावर लागते. पाटणमध्ये सगळेच पाटणचे; तिथे कोणाला पाटणकर म्हणून उपयोग काय? तो माणूस दुसरीकडे जाऊन राहिला की तिथले लोक त्याला पाटणकर म्हणतात. म्हणजे हे आडनाव निघाल्याचे गाव सांगते, पोहोचल्याचे नाही. एकाच वाड्यातून निघालेले दोन भाऊ वेगवेगळ्या वेळी, वेगवेगळ्या गावांतून पुढे सरकले तर त्यांची आडनावेही वेगळी होतात. वतनदारांच्या बाबतीत हा नियम मोडतो. फलटणचे निंबाळकर निंबळक गावावरून, होळकर नीरेकाठच्या होळ गावावरून, आणि या घराण्यांचा त्या मुलखाशी संबंध तुटला नव्हता.

आता व्याकरण. 'कर' लागताना गावाच्या नावाचा शेवटचा स्वर अनेकदा गळतो. रेडीचा रेडकर, शिरोड्याचा शिरोडकर, बोरीचा बोरकर. 'ए'कारान्त गावात स्वर टिकतो: परुळ्याचा परुळेकर, पेडण्याचा पेडणेकर, ठाण्याचा ठाणेकर. व्यंजनान्त उच्चाराच्या गावात काहीच बदलत नाही: म्हापणचा म्हापणकर, केळूसचा केळुसकर, नेरूरचा नेरूरकर. उलट जाताना हा गळलेला स्वर पुन्हा बसवून पाहावा लागतो. बोरकर असाल तर बोरी, बोरे, बोर अशी सगळी रूपे लिहा आणि प्रत्येक गाव कोणत्या तालुक्यात आहे हे नोंदवा.

इथे नेहमीची अडचण येते: एका नावाची पुष्कळ गावे. खेड रत्नागिरीतही आहे आणि पुणे जिल्ह्यातही. पुण्याच्या खेडला आता राजगुरुनगर म्हणतात. वडगाव, निमगाव, पिंपळगाव तर जिल्ह्याजिल्ह्यात. त्यातून बुद्रुक आणि खुर्द, म्हणजे फारसीतले मोठे आणि धाकटे. यादी लांबली की पायरी १ मधले कुलदैवत आणि भाऊबंद कामाला येतात. ज्या खेडजवळ तुमच्या कुलदैवताचे ठाणे आणि सुतकाचे भाऊबंद आहेत, ते खेड आधी तपासा.

दुसरी अडचण: नकाशावर गावच नाही. ते धरणाखाली गेले असेल. कोयना, उजनी आणि जायकवाडीच्या जलाशयांनी कितीतरी गावठाणे पोटात घेतली. उजनीचे पाणी उतरले की पळसदेवचे जुने देऊळ आजही वर येते. कधी गावाचे नावच बदललेले असते. १९५१ च्या जनगणनेची जिल्हा पुस्तिका पाहा. तीत गावांची नावे तालुकावार छापलेली आहेत आणि मोठी धरणे होण्याआधीचा मुलूख तीत शाबूत आहे.

तिसरी चूक शब्दाच्या फोडीची. चारठाणकर या आडनावात 'चार ठाणी' शोधणारे भेटतात. चारठाणा हे परभणी जिल्ह्यातले, जिंतूर तालुक्यातले गाव आहे. आकडा किंवा प्राणी दिसला तरी आधी गावांची यादी चाळा. वाघोलीकरांनी वाघ शोधण्याआधी वाघोली शोधावी.

पायरी ४: ध्वनीचे नियम लावून पाहा, पण तेवढ्यावर थांबू नका

संस्कृत-प्राकृतातून मराठीत येताना अक्षरे ठराविक वाटेने बदलतात. शब्दाच्या आरंभीचा 'य' अनेकदा 'ज' होतो: यात्रा-जत्रा, योगी-जोगी, तसे यादव-जाधव. दोन स्वरांमधल्या 'म'चा 'व' होतो: ग्राम-गाव, नाम-नाव, तसे सामंत-सावंत. 'कार'मधला 'क' गळतो: कुंभकार-कुंभार, लोहकार-लोहार, सुवर्णकार-सोनार. पाटील ताम्रपटांतल्या 'पट्टकिल'पासून आणि जोशी 'ज्योतिषी'पासून आलेला.

याच वाटेने कदंब-कदम, शिलाहार-शेलार, चालुक्य-साळुंखे अशा जोड्या लावल्या जातात. शब्द म्हणून त्या पटण्यासारख्या आहेत. मात्र शब्द शिलाहारांपर्यंत पोहोचला म्हणून तुमची वंशावळ तिथवर पोहोचली असे होत नाही. राजाच्या पदरचे लोक, त्याच्या मुलखातले लोक, त्याच्या सरदारांचे कुळ, सगळेच ते नाव लावू शकत. दुवा दाखवणारा कागद नसेल तर 'नावाचे साम्य' एवढेच लिहा.

शब्द तपासण्यासाठी मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश अजूनही पहिला आधार. पहिली आवृत्ती १८३१ ची, दुसरी वाढवलेली १८५७ ची, आणि ती शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट शोधता येते. आज मेलेले कितीतरी हुद्दे, अवजारे आणि गावकीचे शब्द त्यात जिवंत आहेत. जोडीला दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश ठेवा. शोधताना मूळ रूप टाका. 'पोतदार' मिळाला नाही तर 'पोत' पाहा.

गोष्टींचे काय करायचे? गायकवाडांच्या पूर्वजाने कवाडातून गायी आत घेऊन वाचवल्या, टोपे हे नाव तोफेवरून की टोपीवरून, अशा कथा जपून ठेवण्यासारख्या आहेत. घराण्याला स्वतःबद्दल काय वाटत होते ते त्यांतून कळते. फक्त त्यांच्यापुढे 'घराण्यात सांगतात' असे लिहा.

पायरी ५: कागद, आजपासून मागे

नवखे लोक थेट पेशवाईत उडी मारतात आणि तिथे भेटलेल्या पहिल्या नावबंधूला पूर्वज ठरवतात. असे करू नका. स्वतःपासून सुरुवात करा आणि एकेक पिढी सांधत मागे जा. मधला एक सांधा सुटला तर त्यापलीकडचे सगळे अंदाजात जमा होते.

पहिला कागद शाळेचा. शाळा सोडल्याच्या दाखल्यापेक्षा शाळेतले जनरल रजिस्टर महत्त्वाचे, कारण आडनाव अनेकदा तिथेच पक्के झाले. वडिलांचे नाव, गाव, जात आणि जन्मतारीख एका ओळीत मिळते. जन्मतारीख १ जून दिसली तर ती खरी असेलच असे नाही. शाळेच्या सोयीसाठी लावलेल्या तारखा खूप आहेत.

दुसरा कागद जमिनीचा. सातबाऱ्यावर आजची नावे असतात. मागे नेतो तो फेरफार, म्हणजे गाव नमुना ६. त्यातली वारसनोंद हे या कामातले सोने आहे: मयत खातेदाराचे नाव, मृत्यूचा सुमार, विधवा, मुलगे, मुली आणि त्यांची वये. मुलींपुढे सासरचे नाव असते, त्यामुळे सोयरिकीही कळतात. नकलेसाठी तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात अर्ज करा. अर्जात गाव, तालुका, सर्व्हे किंवा गट नंबर आणि फेरफार क्रमांक द्या. फेरफार क्रमांक सातबाऱ्यावर नावाशेजारी वर्तुळात किंवा कंसात असतो. क्रमांकाशिवाय 'आमच्या घराण्याचे जुने कागद द्या' असा अर्ज केला तर तो फिरत राहतो. काही जिल्ह्यांचे जुने उतारे सरकारच्या 'आपले अभिलेख' या संकेतस्थळावर स्कॅन करून ठेवले आहेत. आधी ते पाहा.

मराठवाड्यात निजामाच्या काळातली दप्तरे उर्दूत आहेत. तिथे १९५४ च्या सुमाराचे खासरा पाहणी पत्रक हा मराठीतला सोयीचा टप्पा. विदर्भात बंदोबस्त मिसल आणि अधिकार अभिलेख पंजी मागा.

तिसरा कागद कोतवाल बुक, म्हणजे गाव नमुना १४, गावातल्या जन्म-मृत्यूंची नोंद. कितीतरी गावांत ते मोडी लिपीत आहे. २०२३ मध्ये कुणबी नोंदी शोधण्याचे काम सुरू झाले तेव्हा हे कागद पुन्हा प्रकाशात आले आणि अनेक जिल्ह्यांनी तपासलेल्या नोंदी आपल्या संकेतस्थळांवर ठेवल्या. गावाचे नाव माहीत असेल तर घरबसल्या बरेच सापडते.

मोडीबद्दल तीन गोष्टी आधीच जाणून घ्या. शब्दांमध्ये जागा सोडलेली नसते, ओळ सलग वाहते. ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नसतो. आणि अनुस्वार अनेकदा दिलेलाच नसतो. त्यामुळे 'शिंदे' शोधताना सिंदे, सिदे, शिदे ही सगळी रूपे डोळ्यांसमोर ठेवा. जुन्या कागदांत श आणि स यांची अदलाबदल नेहमीची. चव्हाणांचे चवाण, गायकवाडांचे गाइकवाड होते. शिकायला सहा-आठ आठवडे रोज अर्धा तास दिला तर ठराविक नमुन्याच्या नोंदी वाचता येऊ लागतात. घाईची पत्रे मात्र जाणकाराकडूनच वाचून घ्या.

जुन्या मराठी कागदातली नावाची एक ओळ नमुन्यादाखल पाहा:

'राणोजी बिन संताजी पाटील मौजे मजकूर'

'बिन' म्हणजे 'चा मुलगा', अरबीतून आलेला. संताजी हा बाप, राणोजी मुलगा. 'वलद' आले तरी अर्थ तोच. बाईच्या नावापुढे 'कोम' येते, म्हणजे 'ची बायको': सगुणाबाई कोम राणोजी. 'मौजे' म्हणजे खेडे आणि 'कसबे' म्हणजे बाजाराचे मोठे गाव. 'मजकूर' म्हणजे वर सांगितलेले. कितीतरी नवखे मजकूर नावाचे गाव नकाशात शोधतात. कागदाच्या वरच्या ओळींत गावाचे नाव असते, तेच हे. आणि या ओळीत आज ज्याला आपण आडनाव म्हणतो ते नाहीच. 'पाटील' हा इथे हुद्दा आहे. अशा ओळीत आडनाव नाही म्हणून कागद टाकून देऊ नका. बाप-लेकांची जोडी जुळते का, ते पाहा.

सालांचे गणितही लागते. शके असेल तर चैत्रापासून डिसेंबरअखेर ७८ आणि जानेवारी ते फाल्गुन ७९ मिळवा. पानिपताची लढाई शके १६८२ च्या पौषात झाली, म्हणजे जानेवारी १७६१. मराठी दप्तरातले सुहूर सन, म्हणजे जुन्या कागदांतली आणखी एक कालगणना, मृग नक्षत्रापासून सुरू होते. त्यात डिसेंबरपर्यंत ५९९ आणि पुढे मे अखेरपर्यंत ६०० मिळवायचे. ते अरबी शब्दांत लिहितात: 'सलास सबैन मया व अलफ' म्हणजे तीन, सत्तर, शंभर आणि हजार, एकूण ११७३. इसवी सनात १७७२-७३.

पायरी ६: क्षेत्रावरचे उपाध्ये

नाशिक, त्र्यंबकेश्वर, पंढरपूर, काशी, गया इथल्या क्षेत्रोपाध्यायांकडे यजमानांच्या नामावळ्या आहेत. यात्रेला आलेल्या माणसाने स्वतःचे, वाडवडिलांचे आणि बरोबरच्यांचे नाव लिहून सही केलेली असते. त्या गाव, जात आणि आडनाव यांनुसार लावलेल्या असतात, म्हणून जाण्याआधी मूळ गाव पक्के हवे. फक्त आजच्या शहराचे नाव सांगितले तर उपाध्यायांनाही पान काढता येत नाही. पणजोबांची सही समोर आली की तिचा फोटो घेण्याची परवानगी मागा, तारीख टिपा, आणि तुमच्या पिढीची नोंद स्वच्छ अक्षरात, पूर्ण नावांनिशी करा. पुढचा कोणीतरी तेच पान उघडणार आहे.

पायरी ७: पाळण्यातली नावे काय सांगतात

वंशावळीत आडनावापेक्षा पाळण्यातली नावे जास्त बोलतात. नातवाला आजोबांचे नाव देण्याची रीत खूप घरांत होती, म्हणून एकाआड एक पिढीत तेच नाव येते. यामुळे दोन वेगळ्या माणसांना एक समजण्याचा धोका असतो. एका पिढीला २५ ते ३० वर्षे धरा आणि सालाशी ताळा करा.

नावावरून मुलूख आणि दैवत कळते. खंडू, मल्हारी, म्हाळसा या नावांमागे खंडोबा आहे. बिरू धनगरांच्या बिरोबाचा, रवळू कोकण-गोव्याच्या रवळनाथाचा, यल्लाप्पा कर्नाटकाकडचा. पिराजी हे नाव पिराला बोललेल्या नवसाचे. दौलतराव, हैबतराव, साहेबराव ही नावे फारसी-अरबी शब्दांची आहेत आणि हिंदू घरांत शतकानुशतके चालत आली. धोंडू, दगडू, केरू, भिकाजी ही नावे जिथे दिसतील तिथे थोडे थांबा. आधीची मुले जगली नाहीत की नंतरच्याला असे हलके नाव ठेवत, दृष्ट लागू नये म्हणून. कोतवाल बुकात त्या मुलाच्या आधीची चार-पाच वर्षे पाहिलीत तर बहुधा मृत्यूच्या नोंदी सापडतील. 'नकोशी' या नावामागचे दुःख वेगळे. मुलगाच हवा असणाऱ्या घरांत नंतरच्या मुलींना ते दिले गेले, आणि २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात अशा शेकडो मुलींची नावे समारंभपूर्वक बदलण्यात आली.

हाकेचे नाव आणि कागदावरचे नाव वेगळे असते. नाना, तात्या, अप्पा, बापू यांना खरी नावे होती: नाना फडणवीस बाळाजी जनार्दन, तात्या टोपे रामचंद्र पांडुरंग.

बायकांचा माग सगळ्यांत अवघड. लग्नात ताटात तांदूळ पसरून अंगठीने नवे नाव लिहिले की त्या क्षणी पाळण्यातले नाव, बापाचे नाव आणि आडनाव तिन्ही बदलत. म्हणून प्रत्येक स्त्रीसाठी दोन ओळी ठेवा, एक माहेरची आणि एक सासरची. तिच्या माहेरच्या गावचे कागदही तपासा. तिथल्या वारसनोंदीत ती अनेकदा सापडते. १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या सरकारी कागदांवर महाराष्ट्रात स्वतःच्या नावानंतर आईचे नाव येते. पुढच्या पिढ्यांना हा शोध बराच सोपा जाईल.

नवे नाव ठेवायचे असेल तर अर्थ छापील कोशात पाहून घ्या. 'आरव' म्हणजे शांत, असे याद्या सांगतात. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, गलका. वामन शिवराम आपटे यांचा संस्कृत कोश उघडायला दोन मिनिटे लागतात.

गाव सोडून दूर गेलेली नावे

रायगड जिल्ह्यातल्या बेने इस्रायली, म्हणजे मराठी बोलणाऱ्या ज्यू, कुटुंबांनी 'कर' बरोबर नेला: पेणकर, रोहेकर, किहीमकर, नवगावकर, दिवेकर. आज इस्रायलमध्ये राहणाऱ्या घराचे कोकणातले गाव त्यांच्या आडनावातच आहे, आणि पायरी ३ त्यांना जशीच्या तशी लागू पडते.

गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत बाप्तिस्म्याच्या वेळी धर्मपित्याचे किंवा पाद्रीचे आडनाव मिळे. त्यामुळे फर्नांडिसचा पोर्तुगीजमधला अर्थ, म्हणजे फर्नांदोचा मुलगा, तुमच्या घराबद्दल काही सांगत नाही, आणि सख्ख्या भावांची आडनावेही वेगळी निघू शकतात. तिथे गावकरी, म्हणजे गावच्या मूळ घराण्यांची सामाईक संस्था, आणि वांगड, म्हणजे तिच्यातले कूळ, धरून मागे जा. कोमुनिदादीच्या (गावकरीचे पोर्तुगीज नाव) नोंदी आणि चर्चच्या बाप्तिस्मा वह्या हे मुख्य आधार.

मॉरिशसला १८३४ नंतर मजूर म्हणून गेलेल्या मराठी माणसांचे एकेरी नाव कारकुनाने लिहिले आणि तेच पुढे वंशाचे आडनाव झाले. तिथे आडनावाचा अर्थ म्हणजे पहिल्या माणसाचे पाळण्यातले नाव. मोका येथील महात्मा गांधी इन्स्टिट्यूटमध्ये स्थलांतराची दप्तरे आहेत. जहाज आणि मजुराचा क्रमांक मिळाला की त्यावरून जिल्हा, आणि नशीब असेल तर गावही मिळते.

पायरी ८: लिहून ठेवण्याची पद्धत

एका पानावर तीन रकाने आखा: कागदावर दिसलेले, घरात सांगितलेले आणि स्वतःचा तर्क. प्रत्येक नोंदीपुढे कागदाचे नाव, गाव, साल आणि पान क्रमांक लिहा. मोडी कागद असेल तर लिप्यंतराशेजारी मूळ फोटो चिकटवा, कारण वाचन उद्या दुरुस्त होऊ शकते. रकाने एकमेकांत मिसळू देऊ नका. छापील कुलवृत्तांतांत सर्वाधिक गोंधळ इथेच झालेला दिसतो: आजोबांचा तर्क नातवाच्या पुस्तकात पुरावा होऊन बसतो. कुलवृत्तांतातून एखादी पिढी उचललीत तर ती दुसऱ्या रकान्यात लिहा आणि मूळ कागद हाती येईपर्यंत तिथेच राहू द्या.

वहीची एक प्रत गावच्या भाऊबंदांकडे द्या. त्यांच्या माळ्यावर, देव्हाऱ्याच्या फळीखाली किंवा जुन्या ट्रंकेत जो कागद आहे, तो तुमची वही पाहिल्यावरच बाहेर निघतो.